बारा नंबरवरचे मासे

सोलापूरच्या पूर्व भागात एके काळी 'मासे आले' असं कुणी म्हटलं, की पोरं फिदीफिदी हसायची आणि म्हाताऱ्या तोंडाला पदर लावायच्या. पाहुण्यारावळ्यांना यातलं काही कळायचं नाही. ते कळायला हुसेनसाब केबलवाले माहीत पाहिजेत, आणि त्यांचा बारा नंबरही.

बारा नंबर म्हणजे मेरिडियन, परदेशी करमणुकीचं चॅनल. कुठल्या देशातलं, हे गल्लीत कुणालाच सांगता यायचं नाही, आणि खरं तर कुणाला त्याची पडलेलीही नव्हती. हुसेनसाबांचं तेव्हा रेडिओ-टेपरेकॉर्डर दुरुस्तीचं दुकान होतं. नव्वदीच्या सुरुवातीला त्यांनी घराच्या गच्चीवर डिशची भलीमोठी छत्री उभी केली, खांबाखांबांवरून काळ्या वायरी ओढल्या आणि घराच्या पुढच्या खोलीला 'कंट्रोल रूम' असं भारदस्त नाव दिलं. छत्री फिरवता फिरवता जे पहिलं चित्र पडद्यावर स्थिर झालं ते मेरिडियनचं. बर्फावर घसरत गिरक्या घेणारी एक बाई. बाहेर सोलापूरचा उन्हाळा, आणि अख्खी गल्ली घामानं निथळत, दारात दाटीवाटीनं उभी राहून बर्फ बघत होती. त्या दिवशी झालेला आनंद माझ्याशी निकाह लागला तेव्हाही यांच्या तोंडावर नव्हता, असं त्यांची बायको अकबरी अजून ऐकवते.

सुरुवातीला मेरिडियनवर सगळा कारभार इंग्रजीत. केक करणारे उंच टोपीचे आचारी, प्रश्नाचं उत्तर बरोबर आलं म्हणून ढसाढसा रडणारे लोक. एक शब्द कळत नव्हता, तरी बघणं थांबत नव्हतं. मग काही वर्षांनी चॅनलवाल्यांना शहाणपण सुचलं आणि ती सगळी गोरी माणसं एकदम हिंदीत बोलायला लागली. तिथून खरी गंमत सुरू झाली, आणि पंचाईतही.

पंचाईत अशी, की परदेशी मालिकेतली माणसं चांगली बोलता बोलता मध्येच एकमेकांच्या गळ्यात पडत, आणि पुढं जे करत ते घरच्यांसमोर बघण्यासारखं नसे. लोक रस्त्यात हुसेनसाबांना धरत. "घरात म्हातारी बसलीया, पोरी बसल्यात, आन् तुमी हे काय दाखवताय?" बारा नंबर बंद करा म्हणणारे जसे होते, तशा बंद करून तर बघा म्हणणाऱ्या बायकाही होत्या, आणि त्यांचा आवाज मोठा होता. हुसेनसाबांनी मधला मार्ग काढला. कंट्रोल रूममध्ये एक काचेची पेटी होती. तिच्यात दोन केशरी मासे आणि एक काळा. लग्नांचं शूटिंगही ते करत; तोच कॅमेरा त्यांनी त्या पेटीसमोर उभा करून ठेवला. तसला प्रसंग आला की बटण दाबायचं, की गल्लीभर घराघरांत मासे पोहायला लागायचे. प्रसंग सरला की पुन्हा बटण, पुन्हा मालिका.

पण यात एक मेख होती. प्रसंग सरला हे कळायला तो बघायला हवा, आणि हुसेनसाब पाच वेळचे नमाजी. लोकांनी जे बघायचं नाही ते आपण मात्र डोळे भरून बघायचं, हे त्यांच्या मनाला पटेना. बटण दाबलं की तेही मान वळवून माशांकडंच बघत बसत. मग खरं चित्र दाखवणाऱ्या छोट्या टीव्हीसमोर अकबरी बसायची. हात ज्वारी निवडण्यात, एक डोळा टीव्हीवर. "झालं, काढा," असं तिनं म्हटलं की मासे जायचे. असला कारभार आणखी कुठल्या केबलवाल्याच्या घरात चालला असेल असं मला तरी वाटत नाही.

दुपारच्या वेळेला एक मालिका लागायची. समुद्रकाठच्या गावात एक विधवा बाई पावाची भट्टी चालवते आणि एका खलाशाचा तिच्यावर जीव जडतो, अशी गोष्ट. मालिकेचं नाव काही का असेना, गल्लीत तिला 'पाववाली' म्हणत. तेंदूपानाची आणि तंबाखूची सुपं मांडीवर घेऊन बायका एकेका घरात जमत. विड्या वळणं आणि चर्चा दोन्ही बरोबरच चालत. महिनोन् महिने प्रश्न एकच होता: पाववाली त्या खलाशाशी लग्न करणार का नाही?

त्या बायकांत सावित्रम्मा असायची. ऐन पंचविशीत नवरा गेलेला, पदरात लहान मुलगी, राहणं भावाच्या घरात. विड्या भराभर वळायची, पण तोंडातून शब्द फुटायचा नाही. यंत्रमागांच्या कारखान्यात चनबसप्पा नावाचा, अक्कलकोटकडचा एक जॉबर होता. बिघडलेले माग दुरुस्त करायचे हे त्याचं काम. त्यानं सावित्रम्माला मागणी घातली होती. भावाचं तोंड वाकडं, भावजयीचं त्याहून वाकडं. पण मुळात सावित्रम्मानं स्वतःच नको म्हणून कळवलं होतं. लोक काय म्हणतील, एवढंच तिचं कारण. चर्चेत ती कधी भाग घ्यायची नाही, पण पाववालीचा एक भाग कधी चुकवायची नाही.

शेवटचा भाग लागला. बंदरावर बोट उभी, खलाशी निघालेला, आणि पाववाली धावत येऊन त्याच्या गळ्यात पडली. हुसेनसाबांनी बटण दाबलं. काळा मासा काचेला तोंड लावून उभा राहिला. हुसेनसाब 'झालं, काढा' ऐकू येण्याची वाट बघत बसले. ते काही येईना. किती वेळ चाललंय यांचं, या विचारानं त्यांचे कान तापले. शेवटी न राहवून वळून बघतात, तर अकबरी ओढणी डोळ्यांना लावून हमसून हमसून रडतेय आणि टीव्हीवर साबणाची जाहिरात चालली आहे. मालिका माशांखालीच संपली होती.

पाच मिनिटांत बायका दारात हजर. सगळ्यांच्या मागं सावित्रम्मा. "काय झालं वो शेवटाला? केलं का तिनं लगीन?" अकबरी तोंड धुवायला आत गेलेली. हुसेनसाब गडबडले. पाववाली गळ्यात पडली, एवढा वेळ सोडलं नाही, वर अकबरीला रडू आलं. आणि बायका लग्नातच अशा रडतात. त्यांनी मनाशी मेळ घातला आणि सांगून टाकलं, "झालं की! लगीन झालं."

अकबरीकडून खरं कळलं ते संध्याकाळी. पाववालीनं खलाशाला निरोप दिला होता. लोक काय म्हणतील, या धाकानं. बोट गेली आणि ती एकटी भट्टीकडं परतली. "कायकू बोललात असं? मला विचारायचं की!" अकबरी चिडली. हुसेनसाब तशीच चप्पल पायात सरकवून आधी सावित्रम्माला खरं सांगायला तिच्या भावाच्या घराकडं निघाले. दाराशी पोचले, तर आतून तिचाच आवाज. कधी न बोलणारी बाई भावाला ठणकावून सांगत होती, "त्या पाववालीनं केलं. तिला कोन काय म्हनलं न्हाई. मग मलाच का म्हनतील?"

हुसेनसाब दारातूनच माघारी फिरले.

लग्न झालं. त्याचं शूटिंग हुसेनसाबांनीच केलं आणि हौसेनं केबलवरही दाखवलं. पुढं चनबसप्पा आणि सावित्रम्मा कुंभारीला, विडी कामगारांच्या वसाहतीत राहायला गेले. चनबसप्पानं तिच्या मुलीला आपली म्हणून वाढवलं, शिकवलं, तिचं लग्न करून दिलं. आता नात सुट्टीला येते. सावित्रम्मा बाजारात कुठं भेटली की हटकून म्हणायची, "पाववालीनं वाट दावली बगा, हुसेनसाब." हुसेनसाब हसायचे आणि विषय बदलायचे. सांगावं तर कसं? आणि सांगून आता कुणाचं काय भलं होणार? असं म्हणत म्हणत पाव शतक उलटलं.

मधल्या काळात मेरिडियनचेही दिवस फिरले. त्यानं नाव थोडं बदललं, चिन्ह दोनदा बदललं, एका कंपनीनं ते दुसरीला विकलं. घराघरांत सेट टॉप बॉक्स आले, चित्र थेट मोठ्या कंपनीकडून यायला लागलं आणि हुसेनसाबांचं बटण निकामी झालं. छत्री गच्चीवर गंजत पडली. बारा नंबरचा कुठलातरी तीन आकडी नंबर झाला, तो कुणी पाठ केला नाही. मग हातोहाती फोन आले. गल्लीतली पोरं जे हवं ते फोनमध्ये बघू लागली, आणि तिथं मासे लावायला कोण बसणार? ज्या माणसानं गल्लीला बर्फ दाखवला तो आता तुटलेली वायर जोडण्यापुरता उरला, आणि याचा मला राग येतो. हुसेनसाबांना कधी आला नाही. माशांची पेटी मात्र त्यांनी ठेवली.

गेल्या महिन्यात मेरिडियनवर खाली पट्टी फिरायला लागली. चॅनल महिनाअखेर बंद होणार. जाता जाता प्रेक्षकांच्या आवडत्या मालिकांचे शेवटचे भाग दाखवणार. रविवारी दुपारी पाववाली.

पट्टी दिसली त्याच दिवशी सावित्रम्माचा फोन आला. "हुसेनसाब, बघितलात का? पाववालीचं लगीन दावनार हाईत! तवा तुमच्या माशांनी घोटाळा केला. आता डोळ्यानं बघनार मी. आमच्यात चित्र अडकतंय, रविवारी येऊन तेवढं नीट करून द्या. भाभीला बी आना. जेवायलाच या."

हुसेनसाबांच्या तोंडचं पाणी पळालं. जिच्या भरवशावर या बाईनं भावाचं घर सोडलं, ती पाववाली मुळात लग्नाला उभीच राहिली नव्हती. हे या वयात, नवऱ्याशेजारी बसून बघितल्यावर तिला काय वाटेल? आपल्याला फसवून बोहल्यावर चढवलं असं वाटलं तर? रविवारपर्यंत त्यांना घास गोड लागला नाही.

"आधीच सांगून टाका," अकबरी म्हणाली.

"फोनवर कसं सांगायचं?"

"मग काय वायर तोडणार?"

रविवारी स्कूटरच्या डिकीत पक्कड ठेवताना हुसेनसाबांच्या मनात तेच होतं.

कुंभारीला शेंगाचटणी, भाकरी आणि वांग्याचं कालवण असं जेवण झालं. हुसेनसाब गच्चीवर चढले, वायरीचं सैल झालेलं टोक त्यांनी हातात घेतलं आणि घट्ट करायच्या ऐवजी ओढून काढलं. खालून सावित्रम्माची हाक आली, "गेलं की वो चित्र! हुसेनसाब, आता सुरू हुईल, लवकर बगा की!" आवाजात लहान पोरीसारखा हट्ट होता. हुसेनसाब टोक हातात धरून उन्हात उभे राहिले. एकदा आपण तिच्यासमोर मासे धरले, ते चुकून. आता जाणूनबुजून धरायचे? त्यांना ते जमेना. त्यांनी वायर जोडली, पक्कडीनं गच्च आवळली आणि खाली आले.

सावित्रम्मा सतरंजीवर पुढं सरकून बसली होती. मागांच्या खडखडाटात चनबसप्पाचे कान गेलेले, म्हणून टीव्हीचा आवाज मोठा. बंदर आलं, बोट आली, पाववाली धावत निघाली. हुसेनसाबांची मान सवयीनं भिंतीकडं वळली.

"अजी," अकबरी हळूच म्हणाली, "आता तरी बघा."

त्यांनी बघितलं. पाववालीनं खलाशाची कॉलर नीट केली, त्याच्या कपाळावर ओठ टेकले आणि त्याला मिठी मारून उभी राहिली, बस्स. एवढ्यासाठी मासे! मग ती म्हणाली, "तुम जाओ. लोग बातें करेंगे." बोट गेली. ती भट्टीकडं आली, विस्तव फुंकला, आणि पडद्यावर नावं सरकायला लागली.

"म्हंजे," सावित्रम्मा म्हणाली, "लगीन न्हाईच झालं?"

"न्हाई." हुसेनसाबांनी सांगून टाकलं. "मी बघितलंच नव्हतं, सावित्रम्मा. तोंड फिरवून बसलो हुतो. तुमी सगळ्या दारात आलात, मला वाटलं झालंच आसंल. त्याच सांजेला कळलं. सांगायला आलो बी हुतो तुमच्या दारापत्तूर, पर तुमी आत भावाला बोलत हुतात..."

"काय झालं? काय म्हनतोय त्यो?" चनबसप्पानं कानामागं हात धरून विचारलं.

सावित्रम्मा त्याच्या कानाशी तोंड नेऊन ओरडली, "तिनं त्याला परत लावून दिलं! लगीन केलं न्हाई!"

"खुळी हाय," चनबसप्पा म्हणाला, आणि चहा बशीत ओतून आधी तिच्यापुढं सरकवला.

सावित्रम्मा बशीकडं बघत राहिली, मग त्याच्याकडं. तिचे डोळे भरून आले. हुसेनसाब मान खाली घालून बोलणी खायच्या तयारीनं बसले होते. तिनं पदरानं डोळे पुसले आणि टीव्हीकडं हात केला. तिथं आता नावंही संपली होती.

"बिचारी," ती म्हणाली. "तिच्या गल्लीत तुमी न्हवता की, हुसेनसाब."