आवाज चालू तर क्रेन चालू

तिच्या आवाजाबद्दल पहिली तक्रार आली ती म्हणे जन्मल्या दिवशीच. नर्सबाई तिच्या आईला म्हणाल्या, "हिला जरा कुशीत दाबून धरा हो, पलीकडच्या खोलीतली बाळं दचकून उठतायत." त्यानंतर तक्रारींना कधी खंड पडला नाही. शाळेत ती मैत्रिणीच्या कानात कुजबुजायची आणि मुख्याध्यापक आपल्या खोलीतून बाहेर यायचे. गल्लीत तिला सगळे भोंगा म्हणत. हे नाव कुणी ठेवलं ते आता कुणाला आठवत नाही, पण ज्यानं ठेवलं त्यानं अगदी मापात ठेवलं.

आणि अशा बाईची गाठ पडली कुणाशी, तर ग्रंथालयात पुस्तकं लावणाऱ्या माणसाशी! त्याचा अर्धा जन्म 'शांतता राखा' या पाटीखाली गेलेला. घरी जेवताना मीठ मागायचा तेही गुपित सांगितल्यासारखं. एकदा तो डबा विसरला म्हणून ती द्यायला गेली. वाचनकक्षाच्या दारात उभी राहून "अहो, डबा!" एवढंच म्हणाली, तर एका म्हाताऱ्या वाचकाचा चष्मा नाकावरून खाली पडला. त्या दिवसापासून नवरोबा एक वेळ चपला विसरले, पण डबा विसरले नाहीत. सासूबाईंना मात्र सून मनापासून पसंत होती. त्यांना एका कानानं ऐकू येत नव्हतं आणि दुसऱ्यानं बेताचंच. "घरात एवढं एकच माणूस नीट बोलतं," असं त्या येईल त्याला सांगायच्या.

आपल्याला हसू येतं, पण त्या आवाजापायी तिच्या नोकऱ्या जायच्या आणि ते तिला फार लागायचं. डॉक्टरांच्या दवाखान्यात ती फोन घ्यायला लागली. पलीकडचा माणूस बिचारा दबक्या आवाजात दुखणं सांगायचा आणि ही खात्री करून घ्यायला विचारायची, "मूळव्याध ना? रक्त पडतं का?" बाहेर बसलेल्यांत त्याला ओळखणारं कुणीतरी असायचंच. आठवड्याभरात डॉक्टरांनी हात जोडले. मग कपड्यांचं दुकान. तिथे "या ताईंना सगळ्यात मोठं माप काढा रे!" असं तिनं माळ्यावरच्या माणसाला सांगितलं, आणि त्या ताई पुन्हा दुकानात आल्या नाहीत. तिथूनही परत आल्यावर तिनं आरशासमोर उभं राहून हळू बोलायची शपथ घेतली. ती शपथ शेजारणीला भिंतीपलीकडून ऐकू गेली.

शेवटी ती एका मोठ्या इमारतीच्या बांधकामावर लागली, नव्या स्लॅबवर पाइपानं पाणी मारायला. मिक्सर, ड्रिल, हातोडे यांच्या गोंगाटात तिथे कुणाचंच कुणाला ऐकू येत नव्हतं. तिचा आवाज पहिल्यांदाच चारचौघांसारखा वाटला आणि तिला बरं वाटलं.

साइटच्या मधोमध टॉवर क्रेन उभी होती. तिचा ऑपरेटर वयानं मोठा, तऱ्हेवाईक माणूस. सगळे त्याला काका म्हणत. काका सकाळी शिडी चढून काचेच्या केबिनमध्ये जायचे ते संध्याकाळीच उतरायचे. डबासुद्धा दोरीनं वर ओढून घ्यायचे. भिंतींच्या आड काय चाललंय ते त्यांना वरून दिसत नसे. तिथे खाली वॉकीटॉकी घेतलेला सिग्नलवाला सांगेल तसं ते माल उचलत आणि सोडत.

एक दिवस सिग्नलवाल्याचा वॉकीटॉकी ऐन वेळी बंद पडला आणि फळ्यांचा भारा माणसं उभी असलेल्या परांचीच्या दिशेनं निघाला. ती पाणी मारत होती. तिनं पाइप टाकला आणि बेंबीच्या देठापासून ओरडली, "काकाऽऽ, थांबाऽऽ!" काच बंद, मशीन चालू, तरी क्रेन थांबली. इंजिनिअरसाहेबांनी ते पाहिलं. तो सिग्नलवाला नाहीतरी काम सोडून गावी चालला होता. साहेब म्हणाले, "या बाईंना घेऊन बघू. तळघरात जनरेटर उतरवायचाय, तोवर जमलं तर कायम, नाही जमलं तर पुन्हा पाइप."

मुकादमाच्या पोटात दुखलं. त्या जागेवर त्याला आपला मेहुणा चिकटवायचा होता. आणि तिचं काय झालं म्हणता? ती घरी जाऊन सासूबाईंच्या गळ्यात पडली. उभ्या जन्मात पहिल्यांदा तिला कुणीतरी तिच्या आवाजासाठी बोलावलं होतं. ही नोकरी गेली असती तर पुन्हा कुणापुढे तोंड उघडायची तिची हिंमत झाली नसती.

पहिल्याच दिवशी तिनं वॉकीटॉकीचं बटण दाबलं आणि नेहमीच्या पट्टीत म्हणाली, "काका, सोडा!"

वरून काकांचा कळवळून आवाज आला. "बाई, हातात यंत्र आहे तुझ्या! डोंगरावरून हाका मारतेस का? माझा कान गेला."

"चुकलं काका!" ती म्हणाली, तेही तितक्याच मोठ्यानं.

"आता दुसरापण गेला," काका म्हणाले. "नीट ऐक, मी एकदाच सांगतो. भिंतीमागचं मला काही दिसत नाही, तू बोलतेस तेवढंच दिसतं. त्या दिवशी यंत्र बंद पडलं ते मला कळलंच नाही, म्हणून आता 'सोडा, सोडा' असं न थांबता म्हणत राहायचं. तुझा आवाज चालू तर क्रेन चालू. आवाज बंद तर क्रेन बंद. मधे गप्पा नाहीत."

आवाज खाली आणणं कसंबसं जमलं. पण मधे गप्पा नाहीत, हे कलम तिच्या मुळावर आलं. गप्प बसणं हा प्रकार तिला माहीतच नव्हता. तिसऱ्या की चौथ्या दिवशी सळयांचा भारा उतरवताना तिनं पाहिलं, एक गवंडी हेल्मेट न घालता फरश्यांच्या थप्पीवर आरामात बसलाय. झालं! "सोडा, सोडा, सोडा... अरे ए, टोपी कुठाय तुझी? डोकं घरी ठेवून आलास का? ऊठ आधी तिथून!" बटणावरचा अंगठा तसाच. वर काकांना आवाज येत राहिला, तेव्हा तेही सोडत राहिले. सळया धाडकन त्या थप्पीवर बसल्या आणि फरश्यांचा भुगा झाला. गवंडी उठला होता म्हणून वाचला, तोही तिनं झापल्यामुळेच, पण ते कोण लक्षात घेतो?

"साहेब, या बाईला आवाज आहे, पण लगाम नाही," काका वरून म्हणाले. "दुसरा माणूस द्या." मुकादम लगेच मेहुण्याला घेऊन पुढे झाला. साहेबांनी त्याला हातानंच थांबवलं आणि तिला म्हणाले, "बाई, आता पुन्हा चूक चालणार नाही."

त्या संध्याकाळी घरी तिनं बोलणंच टाकलं. घर इतकं शांत झालं की सासूबाईंना वाटलं, आपला दुसरा कानही गेला. नवऱ्यानं काय घडलं ते तिच्याकडून काढून घेतलं आणि हळूच म्हणाला, "जोर कशाला लावतेस? ज्याला ऐकायचंय त्याच्या कानाशी बोल. आम्ही दिवसभर तेच करतो." आणि मग त्या कधी आवाज न चढवणाऱ्या माणसानं अशी युक्ती काढली की त्यांच्या इमारतीतले सगळे शेजारी गॅलरीत जमले.

तो दुसऱ्या मजल्यावरच्या गॅलरीत डोळे मिटून उभा राहिला. हातात दोरी, दोरीला बादली, बादलीत एक अंडं. ती खाली अंगणात. तिनं "सोडा, सोडा" म्हणायचं तोवर त्यानं दोरी सोडायची, ती थांबली की थांबायचं. आणि सासूबाई शेजारी खुर्ची टाकून बसल्या, तिला बोलतं करायला. त्यांच्या अंगात एवढं कसब असेल असं कुणाला वाटलं नव्हतं.

"भाजी कोणती करू गं?" सासूबाई म्हणाल्या. ती म्हणाली, "सोडा, सोडा..."

"समोरचीनं नवे पडदे लावलेत, पाहिलेस का?" तरी "सोडा, सोडा..." चालूच.

"तुझ्या माहेरची माणसं तशी कंजूषच, नाही का?"

"सोडा, सोडा, कंजूष कोण ते लग्नात दिसलंच की सगळ्यांना, तुमच्याकडच्या त्या आत्याबाई..." फट्!

नवऱ्यानं डोळे उघडले नाहीत. तिथूनच विचारलं, "गेलं?"

अशी किती अंडी गेली त्याला हिशोब नाही. घरात रोज अंड्याचंच काहीतरी शिजत होतं. सासूबाईंनी माहेर संपवलं, मग तिच्या स्वयंपाकाला नावं ठेवली, मग तिच्या भावाच्या अकलेचा उद्धार केला. आणि एके संध्याकाळी त्या तोंडाला येईल ते बोलत असताना ती अंगणात उभी राहून बादलीवरची नजर न काढता हळू, एका लयीत "सोडा, सोडा" म्हणत राहिली. बादली जमिनीला टेकणार तेवढ्यात ती बोलायची थांबली. बादलीही थांबली. अंडं शाबूत! शेजारच्यांनी टाळ्या वाजवल्या. सासूबाईंनी तिच्या पाठीवरून हात फिरवला आणि म्हणाल्या, "तुझा भाऊ हुशार आहे हो. उगाच बोलले मी."

साइटवर त्यानंतर तिच्या हातून चूक झाली नाही. काका ना बरं म्हणत, ना वाईट. सकाळी नुसतं "हं, बोल" म्हणत आणि काम सुरू होई.

जनरेटर आला तो एका लांबलचक ट्रकवरून. तळमजल्याच्या स्लॅबमध्ये त्याच्यासाठी चौकोनी भोक ठेवलं होतं, आणि चारही बाजूंना वीतभर जागा उरेल एवढाच तो मोठा होता. त्यातून तळघरात उतरवायचा. वरून काकांना ते भोक दिसतच नव्हतं. जनरेटर फिरू नये म्हणून त्याच्या चार कोपऱ्यांना दोऱ्या बांधल्या आणि चार कामगार त्या धरून भोकाच्या कडेला उभे राहिले. साहेब तळघरात, मुकादम वर, आणि ती भोकाशी.

"सोडा... सोडा... सोडा..." ती म्हणत होती. साइटवरची बाकी कामं थांबली होती. ते अवजड धूड हळूहळू भोकात शिरलं. अर्धं आत गेलं आणि तिला दिसलं, की समोरच्या दाढीवाल्या कामगारानं दोरी नुसती धरण्याऐवजी मनगटाला गुंडाळून घेतली होती. धूड खाली चाललं तशी दोरी ताणली गेली आणि तो माणूस भोकाकडे ओढला गेला. तो गुडघ्यावर आला.

तिनं बटणावरून अंगठा काढला आणि तोंड मिटलं.

क्रेन जागच्या जागी थांबली. आणि खाली सगळे एकदम ओरडायला लागले. "वर घे, वर घे!" "अजून सोड!" "बाई, बोल ना काहीतरी!" मुकादम तर तिच्या कानाशी येऊन किंचाळला, "वाचा बसली का? वर घ्यायला सांग त्याला!" पण झोक्यानं जनरेटरचा एक कोपरा स्लॅबच्या कडेखाली गेला होता. वर घेतला असता तर तो स्लॅबला अडकून सगळंच तिरपं झालं असतं. हे सांगण्यात घालवायला वेळ नव्हता. तिनं अंगठा बटणापासून दूर धरला. ती गप्प राहिली. वरून काकांनीही एक अक्षर विचारलं नाही.

शेजारच्या कामगारानं दाढीवाल्याला कमरेला धरलं, दुसऱ्यानं दोरी सैल केली, आणि त्याचं मनगट सुटलं. तो मागे सरकून बसला, साल निघालेला हात पोटाशी धरून. सगळ्यांचा जीव भांड्यात पडला. तिनं झोका थांबेपर्यंत वाट पाहिली, कोपरा मोकळा झाल्याचं पाहिलं आणि बटण दाबलं. "काका, सोडा... सोडा... सावकाश... सोडा..." जनरेटर तळघरात आपल्या जागेवर असा टेकला, की खाली उभ्या साहेबांना टेकल्याचा आवाजसुद्धा आला नाही.

साहेब वर येईपर्यंत मुकादमानं तिच्या हातून वॉकीटॉकी घेऊन मेहुण्याच्या हातात दिला होता. "ऐन वेळी बाईंच्या तोंडातून शब्द फुटला नाही," तो म्हणाला. "सगळ्यांनी पाहिलंय साहेब. पुढच्या वेळी माणूस जाईल. आता हा बघेल."

साहेब तळघरात होते, त्यांनी वरचं काही पाहिलं नव्हतं. ते तिच्याकडे बघत राहिले. तिनं भोकाच्या कडेकडे बोट दाखवलं, पण मेहुणा वॉकीटॉकी घेऊन ट्रककडे निघालासुद्धा. आता खरोखरच पाइप हातात येणार, असं तिला वाटलं आणि डोळे भरून आले.

ट्रकवर एक पेटी उरली होती, तिला कामगारांनी हुकाचे पट्टे अडकवले. मेहुण्यानं ऐटीत बटण दाबलं. आवाज भारदस्त होता, खोटं कशाला बोला. "उचला काका."

क्रेन हलली नाही.

"काका, उचला, उचला!"

हूक होता तिथेच. मेहुण्यानं वॉकीटॉकी उलटापालटा करून पाहिला. मग त्यातून काकांचा आवाज आला, सगळ्यांना ऐकू जाईल असा. "बाई कुठे आहेत?"

"त्यांची वाचा बसली होती काका," मुकादम मेहुण्याच्या हातातल्या वॉकीटॉकीत म्हणाला.

"वाचा बसली नव्हती. त्या गप्प राहिल्या," काका म्हणाले. "घाबरलेला माणूस मला वर घ्या, खाली घ्या, वाटेल ते सांगतो, आणि वरून मला दिसत नसतं. तुमचा आरडाओरडा इथपर्यंत येत होता. फक्त त्यांचा आवाज येत नव्हता, म्हणून मी थांबलो. साहेब, बाईंना द्या. दुसऱ्या कुणाच्या आवाजावर मी हूक हलवणार नाही."

साहेबांनी मेहुण्याच्या हातून वॉकीटॉकी घेतला आणि तिच्या हातात दिला. दाढीवाला हाताला फडकं बांधून उभा होता, त्यानं मान डोलावली. पट्टे पेटीला लागले होते आणि वर एक माणूस तिच्या आवाजाची वाट बघत होता, आणि आवाज मधेच तुटला तर क्रेन थांबली असती. तिनं डोळे पुसले, हुंदका गिळला आणि बटण दाबलं.

"उचला काका. उचला... उचला... उचला..."

पेटी ट्रकवरून अलगद सुटली आणि सगळ्यांच्या डोक्यांवरून वर, वर निघाली.