मापावरची गोजरबाई

पारनेरच्या पेठेत छगनशेठचा मसाल्याचा कारखाना होता. कारखाना कसला, पत्र्याची एक लांबट खोली आणि आत दिवसभर शिंकणाऱ्या बाया. कुणी मिरच्यांची देठं खुडायची, कुणी कांडायची, कुणी चाळायची. तराजूपुढं बसायची फक्त गोजरबाई. काळा मसाला पारड्यात घालायचा, काटा सरळ झाला की कागदी पुडीत ओतायचा, तोंड खळीनं चिकटवायचं. सकाळपासून दिवेलागणीपर्यंत हेच. खांदा भरून यायचा, डोळे चुरचुरायचे. पण या कामाला मान होता आणि तिखटात हात घालावा लागत नव्हता.

या मानाचं खरं कौतुक तिच्या सासऱ्याला, सहादेवमामांना. गाव पारनेरपासून तासाभराच्या वाटेवर. मामा वाण्याच्या ओट्यावर बसून येणाऱ्याजाणाऱ्याला सांगायचे, "आमची सून मापावर हाय. तिच्या हातनं कन बी कमी जायचा न्हाई." ऐकणारे कंटाळले, मामा कंटाळले नाहीत.

बहात्तर साली पावसानं तोंड फिरवलं. गोजरबाईचा नवरा लांब पाझर तलावाच्या कामावर गेला तो तिथंच राहिला. घरात ती, दोन लेकरं आणि मामा. रेशनची लाल मिलो ज्वारी मिळत होती म्हणून भाकरी तरी होती. डाळ मात्र मडक्याच्या तळाला गेली. गोजरबाई मूठभर डाळ शिजवायची ती अर्धी मूठ शिजवू लागली आणि वर तांब्याभर पाणी ओतू लागली. शेठ दर शनिवारी बायांना एकेक पुडी घरी द्यायचा, त्या मसाल्यावर ही आमटी कशीबशी रंगायची.

मामांना दात नव्हते. भाकरी आमटीत कुस्करल्याशिवाय घास उतरायचा नाही. दोन दिवस तशीच खाल्ली आणि तिसऱ्या दिवशी म्हणाले, "पोरी, आमटी लई पानचट लागतीया."

खरं सांगायची सोय नव्हती. उन्हाळ्यात ज्वारी कमी पडल्याचं मामांना कळलं, तेव्हा "पोट भरलं" म्हणत ते रोज अर्ध्या भाकरीवर उठू लागले होते. ढेकरसुद्धा द्यायचे, लबाड म्हातारा! आणि एके दिवशी अंगणात चक्कर येऊन पडले. तेव्हापासून मामा धान्याच्या मडक्यात डोकावायला आले की गोजरबाई त्यांना काही ना काही काम सांगून बाहेर घालवायची.

"पुडीतच मसाला कमी येतोया, मामा," ती म्हणून गेली.

मामांनी मान डोलावली आणि वाटी संपवली. गोजरबाईला हायसं वाटलं.

पण मामांची जीभ ओट्यावर गेली की तिला लगाम नसायचा. सुनेवर आळ येऊ नये म्हणून त्यांनी सगळं शेठवर ढकललं. "शेठच कमी भराया लावत आसंल. आमच्याच घरचा आनुभव हाय की." मापावरच्या बाईचा सासराच सांगतोय म्हटल्यावर गावानं पुड्या घेणं सोडलं. वाण्यानं उरलेला माल परत पाठवला.

छगनशेठनं गोजरबाईला पुढं बोलावलं आणि परत आलेल्या पुड्या तिच्यासमोर एकेक करून पारड्यात टाकल्या. दर वेळी काटा सरळ झाला.

"माप चोख आहे, गोजरबाई. तुमच्यावर माझा संशय नाही," शेठ म्हणाला. "पण बोललंय तुमच्या घरचं माणूस. सासऱ्यांना इथं घेऊन या. डोळ्यांनी वजन बघू द्या आणि ओट्यावर बसून तसं चार लोकांना सांगू द्या. मग तुमचा तराजू तुम्हाला."

शेठचं काही चुकलं नव्हतं, हेच गोजरबाईला जास्त लागलं. भांडायलासुद्धा जागा नव्हती. मामा आले असते, चालत आले असते. भरलेलं पारडं बघितलं असतं आणि मग परतीच्या वाटेवर त्यांना सगळं कळलं असतं. पुडी भरलेली, तर मग आमटी पातळ कशानं? त्या रात्रीपासून म्हातारा पुन्हा अर्ध्या पोटी उठून ढेकर द्यायला मोकळा.

"त्यांच्यानं चालवत न्हाई, शेठ," ती म्हणाली.

"मग मला दुसरी बाई बसवावी लागेल."

"बसवा."

ती उठली आणि देठं खुडणाऱ्या बायांत जाऊन बसली. त्यांच्यातली लंकाबाई उठून तराजूपुढं बसली. तिनं गोजरबाईकडं बघायचं टाळलं. संध्याकाळपर्यंत गोजरबाईच्या बोटांची नुसती आग आग झाली. घरी येताना ओढ्यात हात बुडवावेत म्हटलं, तर ओढ्यात पाणी कुठलं? तिला इतका शीण आला होता की रडूही येईना.

घरी येऊन तिनं चूल पेटवली. अर्धी मूठ डाळ, वर तांब्याभर पाणी. आमटीला उकळी आल्यावर ताटं वाढली. मामांनी भाकरी कुस्करली, घास घेतला आणि तोंड वाकडं केलं.

"आजून तसाच हाय व्हय गं मसाला?"

"व्हय मामा. तसाच."

"आगं, मग त्या शेठला सांग की जरा. माप तुज्याच हातात हाय न्हवं?"

गोजरबाईनं जळजळणारे हात पदराखाली घेतले.

"सांगते, मामा," ती म्हणाली. "तुमी जेवा."

मामांनी भाकरीच्या शेवटच्या तुकड्यानं वाटी पुसून घेतली आणि मग ते हात धुवायला उठले.