कोपऱ्यातले हिरवे आकडे

या जगात ठणठणीत असं काही नसतंच, फक्त त्याला अजून कुणी नीट तपासलेलं नसतं, अशी ठाम श्रद्धा बाळगणारी एकच व्यक्ती मी आयुष्यात पाहिली, आणि ती माझ्या वाट्याला नणंद म्हणून आली. आमच्या वन्सं मुंबईतल्या एका सरकारी इस्पितळात चौतीस वर्षं सिस्टर होत्या, त्यातली शेवटची बारा अतिदक्षता विभागात. त्या निवृत्त झाल्या, पण त्यांचे डोळे काही निवृत्त झाले नाहीत. येता-जाता आमच्या फ्रिजच्या पाठीवर पालथा हात ठेवायच्या आणि "कण्हतोय हा," म्हणायच्या. मिक्सरला दम लागतो, त्याला दर दोन मिनिटांनी बसू द्यावं, असं त्यांचं मत होतं. शांती नगरच्या बाजारात तर एकदा पालकाची जुडी निवडता निवडता त्यांनी भाजीवाल्याकडे रोखून बघितलं आणि म्हणाल्या, "भैया, जरा जीभ दिखाओ." त्या आवाजात असं काही होतं की त्या बिचाऱ्याने भर बाजारात जीभ बाहेर काढली. "खून कम है. पालक सिर्फ बेचते हो? खाते नहीं?" पुढच्या आठवड्यापासून तो आम्हाला बघितलं की आधी जीभ दाखवायचा, मग भाव सांगायचा.

निवृत्तीनंतर क्वार्टर सोडावं लागलं तेव्हा वन्सं हाटकेशला आमच्या घरी 'आठ दिवसांसाठी' आल्या. येताना एक पत्र्याची ट्रंक आणली, ती डायनिंग टेबलाखाली सरकवली. रोज त्यातून साडी काढायच्या, रोज धुतलेली साडी परत त्यातच ठेवायच्या. कपाटातला एखादा खण त्यांना रिकामा करून द्यावा हे मला सुचलं नाही. आता या वयात खोटं कशाला बोलू, सुचलं होतं. पण खण दिला की माणूस राहतं, अशी मला धास्ती होती. त्यांच्याबरोबरची एक सिस्टर, फिलो, निवृत्त होऊन उत्तनच्या बाजूला तारोडीला आपल्या घरी राहायला गेली होती आणि वन्संसाठी तिने एक खोली झाडून ठेवली होती. आठाचे तीस दिवस झाले, तिसाचे साठ, आणि मी रोज त्या ट्रंकेकडे बघून मनातल्या मनात म्हणायचे, बाई गं, तारोडीची बस कुठून सुटते ते तरी विचार.

वन्सं हलल्या नाहीत त्याला कारण आमच्या मुलाचा, मंदारचा कॉम्प्युटर. मंदार अंधेरीला नोकरीला लागला होता आणि पहिल्या वर्षातच त्याने सुटे भाग आणून एक भलंमोठं मशीन स्वतः जोडलं होतं. रविवारी तो त्यावर गाड्यांच्या शर्यतीचा गेम खेळायचा. खेळायचा म्हणजे काय, त्याला शर्यत जिंकण्यापेक्षा मशीन किती पळतंय यातच रस. त्यासाठी त्याने कसलंसं सॉफ्टवेअर टाकून गेम चालू असताना पडद्याच्या डाव्या कोपऱ्यात तीन हिरवे आकडे दिसतील अशी सोय केली होती. एका रविवारी वन्सं चहाचा कप घेऊन त्याच्या मागून चालल्या होत्या. काळ्या पडद्यावर हिरवे आकडे दिसले आणि कप हवेत थांबला.

"हे काय रे?"

"आत्या, वरचा म्हणजे सेकंदाला किती चित्रं दाखवतोय. मधला म्हणजे ग्राफिक्स कार्ड किती तापलंय. खालचा म्हणजे प्रोसेसर किती टक्के राबतोय."

"म्हणजे श्वास, ताप आणि नाडी," वन्सं म्हणाल्या आणि खुर्ची ओढून बसल्या. "ताप किती आहे?"

"एकसष्ट."

"एकसष्ट! आणि तू त्याला पळवतोयस?"

दुसऱ्याच दिवशी त्यांनी चौकटींची वही आणली आणि पट्टीने रेघा मारून इस्पितळात असतो तसा चार्ट आखला. अडचण एकच होती. आकडे फक्त गेम चालू असताना दिसायचे, आणि मंदार दिवसभर ऑफिसला. वन्सं स्वतः खेळायला तयार नव्हत्या. "सिस्टरने पेशंटला पळवायचं नसतं, बघायचं असतं," असं म्हणून त्यांनी दुपारची भांडी आवरताना मला बोलावलं आणि खुर्चीत बसवलं. मी पन्नाशीची, बी.ए. झालेली बाई. आयुष्यात सायकलसुद्धा चालवली नव्हती. पण उजव्या हाताच्या तीन बोटांनी लाल गाडी समुद्राकाठच्या रस्त्यावरून सोडायची, मागे पोलिसांच्या गाड्या लावून घ्यायच्या आणि कुणाच्याही भाजीच्या गाड्यावर घालायची, यात जी मजा आहे ती मला दुपारच्या मालिकांत कधी सापडली नव्हती. रोज अर्धा तास आमचं हे चालायचं. वन्सं शेजारी, मनगटावर घड्याळ, मांडीवर वही. त्यांच्या उजव्या हातात पेन असायचं, आणि डाव्या हाताला सवयीने काही काम लागायचं म्हणून त्या माझं मोकळं मनगट धरून बसायच्या. नाडी मोजायच्या, गेम सुरू व्हायच्या आधी एकदा, संपल्यावर एकदा. "मशीन पासष्ट, शालन एकशे दहा. मशीन बरं आहे," असं जाहीर करायच्या आणि दोन्ही आकडे वहीत टिपायच्या.

आता माझ्या शहाणपणाची गोष्ट सांगते. त्या रविवारी मंदार आत्याला आकडे समजावत होता तेव्हा मी स्वयंपाकघरात पुऱ्या लाटत होते. मला कुणी काही सांगितलं नाही आणि मी कुणाला विचारलं नाही. मधला आकडा म्हणजे आपले मार्क, अशी मी समजूत करून घेतली. खेळत राहिलं की वाढायचे, त्यामुळे शंकेला जागाच नव्हती. उन्हाच्या दुपारी तर मी अडुसष्टपर्यंत मजल मारली होती. शेजारच्या पटेलबेनना मी जिन्यात सांगितलं, "आज अडसठ!" त्याही भल्या, "वाह शालनबेन, कल सत्तर करना," म्हणाल्या. आणि नेमकं दुसऱ्या दिवशी वन्संनी मशीनचं बाजूचं झाकण उघडलं, आमच्याकडच्या कारखान्यांची धूळ आत पंख्यावर बोटभर साचली होती ती रंगाच्या ब्रशने आणि कान साफ करायच्या रबरी फुग्याने काढली, आणि घरातला एकुलता एक टेबलफॅन माझ्यावरून फिरवून मशीनवर लावला. आकडा सरसर एकोणसाठवर आला. वन्सं म्हणाल्या, "उतरला!" आणि त्यांच्या चेहऱ्यावर असा आनंद की मी ओळखलं, ही बाई माझ्यावर जळते.

त्या दिवसापासून आमचं टेबलफॅनवरून जुंपलं. मी पंखा माझ्याकडे वळवायची, त्या मशीनकडे. मला तेव्हा उकडायचंही फार. सगळं घर चादर घेऊन झोपायचं आणि मी पहाटे गॅलरीत पदराने वारा घेत उभी. शेवटी एकदा जेवताना मी सगळ्यांसमोर तोंड सोडलं, "तुम्हाला माझे मार्क बघवत नाहीत!" मंदारच्या तोंडातली आमटी ताटात परत आली. "आई, तो ताप आहे! वाढला की मशीन जळतं!" आमचे हे खाली मान घालून हसत होते. मी पुढचे तीन दिवस "मला ठाऊकच होतं" हेच म्हणत राहिले. पटेलबेनना मात्र खरं काय ते सांगितलं नाही. त्या अजून मला चॅम्पियन समजतात.

हसं झालेली बायको कुणावर तरी राग काढणारच. माझी चिडचिड तर अशी वाढली होती की कुकरची शिट्टी झाली तरी मी कुकरवर ओरडायची. वजन उतरलं होतं, पण त्याचा मला गर्वच. ब्लाउज सैल झाले तर मी शिंप्याकडे मिरवत गेले. यांना सांगितलं, "ताईंशी तारोडीचं बोला." यांनी वर्तमानपत्र उंच धरलं. मग एके दिवशी मी स्वतःच फिलोला फोन केला आणि मधाळ आवाजात म्हटलं की वन्सं संकोच करतात, तुम्हीच आग्रहाने बोलवा. फिलो सरळ मनाची बाई. तिने संध्याकाळी वन्संना फोन लावला आणि सगळं सांगून टाकलं. रिसीव्हरमधून तिचा खणखणीत आवाज मला स्वयंपाकघरात ऐकू आला, "तुजे भावजयीचा फोन आल्ता. खोली तयार हाय. तू येतंस का न्हाय?"

वन्संनी फोन ठेवला. माझ्याकडे बघितलं नाही. "शनिवारी जाते," एवढंच म्हणाल्या आणि ट्रंक टेबलाखालून बाहेर काढली.

शुक्रवारी दुपारी मी भांडी घासता घासता त्यांच्या हाकेची वाट बघत होते की ती येऊ नये म्हणून देवाला सांगत होते, कोण जाणे. हाक आली. "ये शालन, शेवटचा चार्ट करून घेऊ." मी बसले. त्यांनी मनगट धरलं, सोडलं, टिपलं. गेम सुरू झाला आणि माझी लाल गाडी पहिल्याच वळणावर कठड्याला घासली. सरळ रस्त्यावरही डावी-उजवी झुलायला लागली. तोंड लपवायला मी म्हटलं, "तुमच्या पेशंटलाच काहीतरी झालंय. गाडी थरथरतेय बघा."

वन्संनी कोपऱ्यात पाहिलं. श्वास साठ, ताप सत्तावन्न, नाडी नेहमीची. पुन्हा पाहिलं. "मशीनला काहीही झालेलं नाही," त्या हळूच म्हणाल्या. मग पडद्यावरून त्यांची नजर खाली आली ती माझ्या बोटांवर.

"गाडी थांबव. पंखा बंद कर."

"अहो उकडतंय किती!"

"तेच म्हणतेय मी. हात पुढे कर, बोटं पसर."

वहीचं एक कोरं पान फाडून त्यांनी माझ्या पसरलेल्या बोटांवर ठेवलं. पंखा बंद, खिडकीतून वारा नाही, आणि ते पान पिंपळाच्या पानासारखं थरथरत होतं. मी हात घट्ट करायला गेले तसं ते आणखीच फडफडलं. वन्संनी वही मागे मागे चाळली. "खेळ सुरू व्हायच्या आधीची नाडी. वही घेतली तेव्हा अठ्ठ्याहत्तर. पुढच्या महिन्यात नव्वद. आज एकशे सहा. आणि मी गाढवी रोज लिहीत होते, वाचत नव्हते!" मला 'गाढव' म्हणायची संधी त्यांना चार महिने होती, ती त्यांनी स्वतःवर वापरली. "मान वर कर. आवंढा गिळ." त्यांचा थंडगार हात माझ्या गळ्यावर होता. तारोडीला जायला निघालेल्या बाईचा हात.

शनिवारी ट्रंक दारातच राहिली आणि आम्ही तिघं स्टेशनजवळच्या डॉक्टरकडे गेलो. तिसऱ्या दिवशी रिपोर्ट आला. थायरॉइड वाजवीपेक्षा जास्त धावत होता. डॉक्टरांनी विचारलं, "चिडचिड होते का?" मी म्हटलं, "छे!" वन्सं छताकडे बघायला लागल्या. आमच्या यांनी मात्र आशेने विचारलं, "डॉक्टर, हे तेवीस वर्षांपासून असू शकतं का?"

"नाही हो. सहा-सात महिन्यांचं असेल."

यांचा चेहरा पडला.

घरी येऊन मी पहिलं काम केलं ते कपाटातला मधला खण रिकामा करण्याचं. ट्रंकेतल्या साड्या त्यात रचल्या. वन्संनी त्यांतल्या दोन उचलून माझ्यापेक्षा नीट घडी घालून ठेवल्या. पुढचे पाच महिने त्या राहिल्या. गोळी वेळेवर, चार्ट रोज, टेबलफॅन आता मशीनला आणि मला वाटून. माझी नाडी हळूहळू खाली आली, गाडी रस्त्यावर आली, ब्लाउज पुन्हा उसवावे लागले. आणि एका सकाळी बघते तर खण रिकामा आणि ट्रंक भरलेली.

"तुझा डिस्चार्ज," वन्सं म्हणाल्या.

"राहा ना हो. तो फोन मी केला म्हणून जाताय का?"

"तो तुझ्या थायरॉइडने केला."

"अर्धा त्याने केला. अर्धा मीच केला होता," मी म्हटलं. खरं बोलायचं ठरवलंच होतं.

वन्सं इतक्या मोकळ्या हसल्या की त्यांना खुर्चीत बसावं लागलं. मग म्हणाल्या, "अगं, फिलोला साखर आहे. चोरून केक खाते आणि 'न्हाय खाल्ला' म्हणते. तिला बघायला कुणी नाही. तुला आता काय झालंय?"

काही झालं नव्हतं, तीच तर पंचाईत होती. ज्या बाईने जावं म्हणून मी एवढा खटाटोप केला ती माझ्या डोळ्यांदेखत गेली, आणि मी गॅलरीत उभी राहून रिक्षा वळेपर्यंत रडले.

मग दर रविवारी त्यांचा फोन यायचा. कशी आहेस वगैरे नाही. "किती?" एवढाच प्रश्न. मी सांगायची, "मशीन साठ, मी चौऱ्याहत्तर." "बरं," म्हणून फोन बंद. असे महिने गेले. एका रविवारी घर फार रिकामं वाटत होतं. मी म्हटलं, "मशीन साठ. मी एकशे दहा." या वेळी "बरं" न म्हणताच फोन बंद. सोमवारी सकाळी नऊ वाजता वन्सं पहिल्या बसने दारात हजर, हातात फिलोने दिलेली सुक्या बोंबलांची पुडी. चप्पल काढायच्या आधी मनगट धरलं, घड्याळ बघितलं, आणि हात सोडून दिला.

"शहात्तर. खोटारडी."

"आता आलाच आहात तर राहा आठ दिवस," मी म्हटलं. खण रिकामाच होता.

पुढे अनेक वर्षं मी वर्षातून दोन-तीनदा एकशे दहा सांगायची आणि त्या दर वेळी तितक्याच घाईने यायच्या. त्यांना कळत नव्हतं असं नाही. शेवटी शेवटी तर येताना त्या आठ दिवसांच्या साड्या मोजून आणायच्या.

वन्संना जाऊन आता बरीच वर्षं झाली. मंदारचं ते मशीन कधीच भंगारात गेलं. परवा नातीने माझ्या मनगटावर एक घड्याळवजा पट्टा बांधला. त्यात काळ्या पडद्यावर हिरवा आकडा दिसतो, नाडीचा. दिवसभर दिसतो, कुणी न विचारता. नात म्हणाली, "आजी, बेस्ट आहे ना? अगदी अचूक." मी म्हटलं, हो गं, फार छान. पण रविवारी दुपारी भांडी आवरून बसले की मी त्या आकड्याकडे बघते. बहात्तर असतो. मी त्याला मोठ्याने सांगून बघते, "एकशे दहा." तो बहात्तरच दाखवत राहतो.