मारीची सलग नोकरी

पहिल्याच भेटीत मी तिला ‘मारी’ अशी हाक मारली. ती वळलीसुद्धा नाही. पातेल्यात पळी फिरवत, माझ्याकडे पाठ करून, ती चक्क मराठीत म्हणाली, "मारी मदाम म्हनेल. तू कोन?"

मी टाय लावून, बगलेत फाईल धरून, बेटावरच्या क्रेओल बोलीतून हाक मारली होती. मोका गावातल्या त्या बंगल्यात सगळे फ्रेंच बोलत. त्याच्या स्वयंपाकघरातून मराठी ऐकू येईल असं माझ्या मनातही नव्हतं. मी घाईघाईने आपल्या भाषेवर आलो आणि पहिली चूक निस्तरताना दुसरी केली. म्हटलं, "माफ करा हं, मावशी."

"मी तुझ्या आईची बहीन नाय," ती म्हणाली.

तर अशी आमची ओळख झाली. पुढे बऱ्याच फेऱ्या झाल्या, पण तिचा चेहरा मला थोडाच दिसला. दिसायची ती पाठ आणि पाठीवरची एप्रनची गाठ. गाठ सैल असली की बाई नुसती चिडलेली आहे आणि घट्ट असली की भडकलेली आहे, एवढं मी हळूहळू शिकलो. तिसरी अवस्था नव्हती. अशी माणसं तुम्हीही पाहिली असतील. त्यांच्याशी गोड बोलावं तर त्यांना वाटतं आपल्याला काहीतरी विकायला आलाय.

मी तेव्हा आमच्या बेटाच्या राजधानीत, पोर्ट लुईत, एका अकाउंटंटच्या ऑफिसात कारकून होतो. सत्तरचं दशक संपत आलं होतं. काम सुटताना जुन्या माणसाला वर्षामागे काही दिवसांचा पगार मोजून द्यावा लागतो, हे तेव्हा कुठे मालक लोकांच्या कानावर नीट पडू लागलं होतं. आकडा किती येईल याचा धसका घेऊन ते आमच्याकडे येत, आणि हे अंदाज काढायचं काम ऑफिसातल्या सगळ्यांत निरुपयोगी कारकुनाकडे दिलेलं होतं. माझी बायको पाहुण्यांना सांगायची, "हे माणसांची किंमत काढतात." मग पाहुणे आपापल्या कपात बघत बसायचे.

त्या बंगल्यात एक म्हातारी मदाम राहायची. तिचा मुलगा फ्रान्सहून आला होता, घर विकून आईला सोबत न्यायला. घर गेलं की मागच्या आवारातली खोलीही जाणार होती, आणि त्या खोलीत ही बाई जन्मापासून राहत होती. तिला मिळेल त्या पैशात समुद्रकाठच्या माएबूर्गला दोन खोल्या घ्यायच्या होत्या. तेवढे मिळाले नाहीत तर भावाच्या घरी जाऊन भावजयीच्या हाताखाली दिवस काढायचे. हे तिने मला पहिल्याच दिवशी भिंतीकडे बघत सांगून टाकलं. "भावजयीच्या चुलीला मी हात लावनार नाय. लिव. तुला त्येचेच पैसे मिळतात."

हे शेवटचं वाक्य तिचं पेटंट होतं. मी काहीही विचारलं की उत्तराच्या शेपटीला ते यायचंच.

मुलगा तसा सभ्य. कपड्यांना अत्तराचा वास यायचा, आणि घड्याळाकडे बघितल्याशिवाय वाक्य संपवायचा नाही. त्याने मला पंधरा वर्षं सांगितली होती. वडील गेल्यावर घरखर्च त्याने हातात घेतला आणि मारीचा पगार तेव्हापासून त्याच्या हिशेबात होता, म्हणून पंधरा. मी फक्त खात्री करायला स्वयंपाकघरात गेलो होतो.

"कामाला कधी लागलात?"

"लागले नाय."

"म्हणजे?"

"मला कुनी ठेवलंच नाय. मग कधीपासून काय इचारतोस?"

मला वाटलं ही बाई वेळ काढते आहे. पण ती खरंच सांगत होती. तिची आई मदामच्या लग्नाच्या वेळी या घरात आली. आईचं नाव मदामच्या जिभेवर बसेना, म्हणून मदामने तिला मारी केलं. ही त्याच आवारात वाढली. आधी वाटाणे सोलायला बसायची, मग नारळाच्या सोडणाचा ब्रश पायाखाली घेऊन दिवाणखान्याची लाकडी जमीन घासायला लागली. पुढे आईचे पाय सुजून ती उठेनाशी झाली. एका सकाळी मदामने "मारी" म्हणून हाक मारली, आणि हिने ट्रे उचलून नेला. मदामने कप घेतला. कुणी कुणाला काही बोललं नाही. तीच नेमणूक.

मी विचारलं, हे कोणत्या साली?

"वादळाच्या आदी."

"कोणत्या वादळाच्या?"

"पत्रे उडाले त्या."

आमच्या बेटावर पत्रे न उडवणारं वादळ मी ऐकलेलं नाही, असं मी जरा फणकाऱ्यानेच म्हणालो.

"मग लिव, एकाच्या आदी."

मला खरंच राग आला होता. बो बासेंच्या माझ्या घरून बस बदलत मी मोकाला यायचो, तिथे बाराही महिने भुरभूर पाऊस, आणि आत आलं की ही पाठ. मी सांगितलं की तुम्ही साल दिलं नाहीत तर मुस्ये, म्हणजे मदामचे चिरंजीव, देतील तेच धरावं लागेल. तेव्हा ती पळी खाली ठेवून म्हणाली की साल शोधायची गरजच काय, आईपासून धर.

मी तिला समजावलं. बायकोच्या भाषेत सांगायचं तर भाषण दिलं. नोकरी ज्याची त्याची असते, दोन माणसांची वर्षं एकत्र करता येत नाहीत, कायदा एका वेळी एकच माणूस मोजतो.

"त्येंनी दोन कधी मोजल्या?" ती म्हणाली.

तिने सोडलं नाही. आई काम सोडताना तिला काय दिलं? एक जुना कोट. पैसे? नाही. मग तिचा हिशेब कुणी बंद केला? मला कबूल करावं लागलं की बंद केलेला दिसत नाही. "बंद नाय तर चालू हाय," ती म्हणाली आणि पुन्हा पळी उचलली. ऑफिसात आमचे साहेब नेमकं हेच वाक्य बोलायचे, फक्त जरा मोठ्या गिऱ्हाइकांबद्दल.

मुलाला हे सांगितल्यावर तो हसला, आणि मग त्याने उलटा डाव टाकला. मारीला खोली आणि जेवण फुकट मिळत आलंय, त्याची किंमत काढून एकूण रकमेतून वजा करा, म्हणाला. मी आज्ञाधारक माणूस. गेलो आत, आणि तुम्ही रोज काय जेवता असं त्या बाईला विचारलं. आजही ते आठवलं की कानाच्या पाळ्या गरम होतात.

तिने एक ताटली घेतली. पातेल्याच्या बुडाशी लागलेला भात खरवडला, त्यावर सकाळच्या आमटीतलं माशाचं डोकं ठेवलं आणि ताटली माझ्या फाईलवर आपटली. "कर याची किंमत."

मी किंमत केली नाही. दुपार उलटून गेली होती, पोटात काही नव्हतं. मी ते खाल्लं. डोकंसुद्धा. ती पहिल्यांदा माझ्याकडे वळून बघत उभी राहिली, आणि ताटली रिकामी झाल्यावर म्हणाली, "आता तुझ्या पगारातून कापायला सांग."

शेवटची बैठक व्हरांड्यात झाली. मदाम शाल गुंडाळून वेताच्या खुर्चीत बसली होती. मुलगा घड्याळ बघत होता. मी माझा अंदाज मांडला. पंधरा वर्षं धरली होती. खोली-जेवण मी वजा केलं नव्हतं, कुठल्या तोंडाने करणार होतो? तरीही रक्कम माएबूर्गच्या वाटेवर अर्ध्यातच थांबत होती. बाई दाराच्या चौकटीत उभी राहून ऐकत होती. एप्रनची गाठ मला दिसत नव्हती, पण अंदाज करता येत होता.

मी थांबल्यावर ती म्हणाली, "मदामला इचार."

मुलाला मराठी कळत नव्हतं, पण मदाम हा शब्द कळला. मी उलगडून सांगितल्यावर तो म्हणाला की आईला दुपारी काय जेवली तेही आठवत नाही, तिला त्रास नको. मी तेही तिला मराठीत सांगितलं.

"जेवन मी घालते, ते मला आठवतं," ती म्हणाली. "तू मदामला इचार."

दोघांमध्ये मी. एक मला पैसे देणारा, दुसरीने मला माशाचं डोकं चारलेलं. कुणाला जास्त घाबरलो होतो ते तुम्ही समजून घ्या. मी म्हातारीसमोर वाकलो आणि माझ्या अडखळत्या फ्रेंचमध्ये विचारलं, मदाम, मारी तुमच्याकडे कधीपासून आहे?

म्हातारीने जराही वेळ घेतला नाही. "मारी? माझ्या लग्नापासून."

मुलगा पुढे झाला. मामाँ, ती हिची आई, म्हणाला. ती जुनी मारी. ती कधीच मेली.

म्हातारीने चौकटीकडे बघितलं. बराच वेळ बघितलं. मग लहान पोराला सांगावं तसं मुलाला म्हणाली, "मारी मेली असती तर मला कुणी सांगितलं नसतं का?"

मी हे मराठीत सांगायला वळलो. पण त्या घरात जन्म गेलेल्या बाईला तेवढं फ्रेंच कळत होतं. तिचा चेहरा मी तेव्हा नीट पाहिला. त्यावर राग नव्हता. मी इतके दिवस त्या रागाला इतका सरावलो होतो की तो नसलेला बघून मला भीती वाटली.

"मी सांगितलं हुतं," ती हळू म्हणाली. कुणाला म्हणाली ते ठाऊक नाही. "सकाळीच येऊन सांगितलं. ‘बरं’ म्हनाली. मग दूध मागितलं."

तिने एप्रनला हात पुसले.

"लिव," ती मला म्हणाली.

मी लिहिलं. मालकिणीच्या सांगण्याप्रमाणे नोकरी सलग, लग्नापासून. माझ्या हातात शौर्य संचारलं होतं असं समजू नका. समोर उभी असलेली बाई ‘लिव’ म्हणाली आणि हाताने लिहिलं, इतकंच.

मुलगा मात्र भडकला. तुम्ही दोघं एका जातीचे, आमच्याच घरात बसून आम्हाला न कळणाऱ्या भाषेत कट शिजवलात, असं तो मला फाटकापर्यंत सुनावत आला, आणि दुसऱ्या दिवशी ऑफिसात येऊन साहेबांनाही सुनावलं. आईचं डोकं ठिकाणावर नाही, तिच्या शब्दाला काय अर्थ, डॉक्टरचा कागद आणतो. साहेबांनी शांतपणे पाइप झटकला. जरूर आणा, म्हणाले. पण घर तुमच्या आईच्या नावावर आहे. विक्रीच्या कागदावरही त्यांचीच सही लागेल. त्यांचं डोकं ठिकाणावर नाही असा कागद आणलात तर मग घर कोण विकणार?

तो उभाच राहिला, आणि पहिल्यांदा घड्याळ बघायला विसरला.

शेवटी मधला एक आकडा ठरला. दोन आयुष्यांचा नव्हे, पण माएबूर्गच्या दोन खोल्यांपर्यंत पोचणारा. पैसे घ्यायला ती ऑफिसात आली. रंग उडालेलं जांभळं लुगडं, डोक्यावर पदर. तिने नोटा दोनदा मोजल्या, पदरात बांधल्या आणि माझ्याकडे बघून म्हणाली, "आईचे थोडे ऱ्हायले." दारातून बाहेर पडेपर्यंत मी आभाराच्या शब्दाची वाट पाहत होतो. माझा स्वभावच तसा आहे.

मदाम त्याच महिन्यात विमानात बसली. तिथे गेल्यावरही ती मारीला हाका मारत असे, आणि तिथली नर्स म्हणे ओ देत नसे. हे मुलाने साहेबांना पत्रातून कळवलं होतं, तक्रारीच्या सुरात.

बाईची गोष्ट मी घरी रोज जेवताना सांगत आलो होतो, त्यामुळे बायकोला तिला बघायचंच होतं. एका रविवारी आम्ही नारळाची बर्फी घेऊन माएबूर्गला गेलो. समुद्राजवळच्या गल्लीत दोन खोल्या, निळा दरवाजा, आणि कंबरेएवढं लोखंडी फाटक. ती अंगण झाडत होती. मला बघून तिने खराटा उभा धरला आणि बायकोला विचारलं, "हा कशाला आलाय?"

"भेटायला," मी म्हटलं. "आज काही मोजायला आलो नाही."

"मग तुझं काय काम?"

तिने फाटक उघडलं, माझी बायको मावेल इतकंच. बायको आत गेली, बर्फी आत गेली, आणि कडी लागली. मी बाहेर. दुपार तापली होती. मी समोरच्या बांधावर टेकलो. खालच्या होड्या बघितल्या, मग पुन्हा त्याच होड्या बघितल्या. त्या घराला किती माणसं आत घ्यायची आणि कुणाला बाहेर ठेवायचं हे आता तीच ठरवणार होती, आणि पहिल्याच फटक्यात मी बाहेर होतो. राग आला का? आला. पण बसायला जागा बरी होती.

बायको बऱ्याच वेळाने बाहेर आली. मी काही न विचारता चालायला लागलो. बस थांब्यापाशी आल्यावर मात्र राहवेना. विचारलं, काय म्हणाली?

बायको पदराने वारा घेत होती. "घरात एकच खुर्ची आहे," ती म्हणाली. "तिच्यात ती बसली होती. चहा मी केला. पातळ झालाय म्हणाली."