नानांच्या गाडीचं सरकलेलं शून्य

"बत्ती तेवढी घालव आन् मोकळी हो, ताई. बाकी गाडीला काय धाड भरल्याली न्हाई."

नाना ड्रायव्हरच्या सीटवर हाताची घडी घालून बसले होते. मी उघड्या दारातून ओणवी होऊन त्यांच्या गुडघ्यापाशी, डॅशबोर्डखालच्या सॉकेटमध्ये स्कॅनरची वायर खोचत होते. मीटरमध्ये पिवळा दिवा पेटलेला होता. घसरणारी गाडी आणि तिच्यामागे नागमोडी रेघा, असं चित्र असतं ना, तो.

"नुसती बत्ती घालवायला मी कशाला लागते? चिकटपट्टीचा तुकडा चालतो."

"लावल्याला. संदीपनं काढला."

संदीप हा नानांचा मुलगा. हिंजवडीला आयटीत. नाना एसटीचे रिटायर्ड ड्रायव्हर, नोकरीभर एकही अपघात नाही, आणि ही गोष्ट ते दर दहा मिनिटांनी कुठल्या ना कुठल्या निमित्ताने सांगतात. कोळवणात घर, थोडं भाताचं रान. आईबाबांना दवाखान्याला, बाजाराला सोय म्हणून संदीपनं ही गाडी घेऊन दिली होती. आणि आता तोच ती परत न्यायला निघाला होता.

मी ऑटोमोबाइलचा डिप्लोमा केला, बरीच वर्षं एका सर्व्हिस सेंटरमध्ये काढली. आता नांद्याला राहते आणि मुळशीभर घरोघर जाऊन गाड्यांचं स्कॅनिंग करते. गाडी वर्कशॉपला नेणं ज्यांना जमत नाही, पटत नाही किंवा घरात सांगता येत नाही, अशी सगळी माझी गिऱ्हाइकं. संदीपचा फोन आदल्या दिवशी आला होता.

"मॅडम, मला एकच सांगा. प्रॉब्लेम गाडीत आहे की बाबांमध्ये?"

"बाबांना माझा स्कॅनर बसत नाही."

तो हसला नाही. "सीरियसली विचारतोय. त्यांनी ओढ्यावरच्या मोरीच्या कठड्याला गाडी घातली. रिपेअर केली, तर आता म्हणतात वळणावर ती आपोआप ब्रेक मारते. असं कुठे असतं का? गाडी ओके असेल तर मी रविवारी घेऊन जातो. बायर पण बघितलाय."

"मग त्यांनी जायचं-यायचं कसं?"

"मी इथून कॅब बुक करून देईन ना."

कोळवणला कॅब. मी फक्त पत्ता लिहून घेतला. पण एवढं कळलं, की रिपोर्ट गाडीचा नाही, नानांचा द्यायचा आहे.

स्कॅनर जोडला गेला. त्याआधी हे प्रकरण काय आहे ते सांगते. तुमच्या स्टिअरिंगच्या मागे, दांड्यावर, एक सेन्सर असतो. स्टिअरिंग किती आणि कुठल्या बाजूला वळलंय, एवढंच तो गाडीच्या कॉम्प्युटरला सांगत राहतो. कॉम्प्युटर ते ऐकतो, आणि गाडी खरोखर तेवढीच वळतेय का हे दुसऱ्या सेन्सरला विचारतो. दोघांचं जुळलं नाही, तर त्याला वाटतं गाडी घसरली. मग तो एखाद्या चाकाला आपणहून ब्रेक लावून गाडी सावरायला बघतो. ओल्या घाटात हे फार कामाचं असतं. फक्त एक अट आहे. सरळ म्हणजे काय, म्हणजे शून्य कुठे, हे सेन्सरला बरोबर माहीत पाहिजे.

"चला नाना, एक चक्कर मारू. तुम्ही चालवा."

नानांनी गाडी अशी काढली, की अंगणातून रस्त्यावर उतरल्याचंही कळलं नाही. गिअर लोण्यासारखे. सरळ रस्त्याला मात्र त्यांच्या हातातलं स्टिअरिंग डावीकडे कललेलं दिसत होतं. स्क्रीनवर आकडा येत होता नऊ अंश डावीकडे. गाडी सरळ चालली होती आणि सेन्सर म्हणत होता, वळतोय. ओढ्याच्या वळणावर मी मुद्दाम नानांच्या पायांकडे बघत बसले. ब्रेकवर पाय नव्हता. तरी गाडी एकदम कुणीतरी पदर ओढावा तशी अडली, दिवा लुकलुकला आणि पुन्हा सुटली.

"बगितलं? म्या पाय बी लावला न्हाई!"

"बघितलं."

"मंजी मी वाकडा न्हाई?"

"आत्तापर्यंत तरी गाडीच वाकडी निघालीय."

दारात परत आल्यावर मी गाडीखाली वाकून पाहिलं. पुढच्या डाव्या चाकाचा टाय रॉड नवा कोरा होता. टाय रॉड म्हणजे स्टिअरिंगचं सांगणं चाकापर्यंत पोचवणारी दांडी. कठड्याला लागून जुना वाकला असणार. पौडला एकानं नवा बसवला, चाकं सरळ केली, पण स्टिअरिंग मध्यावर आणलं नाही आणि सेन्सरचं शून्य तपासलं नाही. स्कॅनर सगळ्यांकडे असतोच असं नाही.

"मोरीला कसं काय लागलं, नाना?" मी सहज विचारलं.

"म्हैस आडवी आली," नाना म्हणाले.

"कुत्रं," मावशी म्हणाल्या.

मावशी म्हणजे नानांची बायको, लीलामावशी. ठेंगण्या, तरतरीत, चहाचे कप घेऊन आल्या होत्या. दोघांनी एकमेकांकडे पाहिलं.

"म्हशीमागं कुत्रं व्हतं," नाना म्हणाले. "च्या घे, ताई."

मी चहा घेतला. माझ्या स्कॅनरला म्हशी दिसत नाहीत.

आता इथे एक सोपी वाट होती. आहे त्या कललेल्या स्टिअरिंगलाच शून्य म्हणून टाकायचं. दोन बटणं दाबली की दिवा गेला. नानांना तेच हवं होतं. पण ते म्हणजे वाकड्यालाच सरळ म्हणायला शिकवणं झालं. आधी चाकं आणि स्टिअरिंग, मग सेन्सर, हा क्रम चुकवायचा नाही. त्यासाठी सपाट जागा लागते, आणि नानांचं अंगण तर ओढ्याकडे उतरलेलं.

"भातगिरणीचा कोबा हाय की," मावशी म्हणाल्या.

गिरणीच्या अंगणात भात वाळत घातलेलं होतं. मालकानं एका कडेचं सारून घेतलं, कोंबड्या हाकलल्या आणि स्वतः खुर्ची टाकून बघत बसला. मी चारही टायरमधली हवा सारखी केली. मग दोन्ही टाय रॉडचे नट सैल करून एक रॉड जितका आत घेतला, तितकाच दुसरा बाहेर. असं केलं की चाकांची आपसातली जुळणी तशीच राहते आणि स्टिअरिंग तेवढं मध्यावर येतं. थोडं फिरवायचं, चालवून बघायचं, पुन्हा थोडं. नाना प्रत्येक वेळी वाकून विचारत होते, "आमच्या डेपोत हे सुतळी लावून करायचे, म्हाईत हाय का?" माहीत आहे. मीही सुतळीच लावली होती. ती बघून नाना जरा खूश झाले आणि मग स्कॅनरचा राग थोडा कमी झाला.

स्टिअरिंग सरळ आलं. आकडा जवळपास शून्यावर आला, पण जवळपास चालत नाही. मी स्कॅनरवरून शून्य शिकवायची कमांड दिली. आमच्या भाषेत कॅलिब्रेशन. या गाडीत त्यानंतर एक शेवटची पायरी असते. सपाट, सरळ रस्त्यावर, मंद वेगात, स्टिअरिंग न हलवता थोडं अंतर जायचं. तेवढ्यात कॉम्प्युटर खात्री करून घेतो.

"सरळ रस्ता कुठला आहे गावात?"

गिरणीवाला आणि नाना दोघेही विचारात पडले. कोळवणचे रस्ते ओढ्यांना, बांधांना आणि भावकीच्या भांडणांना वळसे घालत जातात.

"सरळ रस्ता एकच हाय," गिरणीवाला शेवटी म्हणाला. "शाळेपास्नं मसणवट्यापत्तोर. नवा सिमेटचा."

"चला, आज ना उद्या जायाचंच हाय," नाना म्हणाले.

नाना चालवायला, मी शेजारी स्कॅनर घेऊन, मावशी मागे. दोन्हीकडे भाताचे खुंट, मधे पांढरा सरळ रस्ता. मी म्हटलं, "नाना, स्टिअरिंग हलवायचं नाही."

"मी कुटं हलिवतोय?"

ते हलवत होते. जुन्या एसटीच्या स्टिअरिंगमध्ये इतकी ढील असायची, की गाडी सरळ ठेवायला ड्रायव्हर सतत जरा डावं, जरा उजवं करत राही. नोकरीभराची सवय. बस सरळ जायची. इथे मात्र सेन्सरला ते प्रत्येक डावं-उजवं ऐकू येत होतं. स्क्रीनवर लाल अक्षरं आली. पुन्हा केलं. पुन्हा लाल.

"नाना, हात गप ठेवा."

"आगं, हात गप ठिवला तर गाडी चालवतोय असं वाटत न्हाई!"

तिसऱ्यांदा लाल झालं तेव्हा मी म्हटलं, मी चालवते, तुम्ही स्क्रीन बघा. पण नानांचा लहान अक्षरांचा चष्मा घरी राहिला होता. आणि मागून आवाज आला.

"मी धरते."

नानांनी आरशातून मागे पाहिलं. डोळे मोठे केले. मावशींनी तिकडे लक्षच दिलं नाही. त्या उतरल्या, नवऱ्याच्या बाजूचं दार उघडून उभ्या राहिल्या.

"लायसन आहे का, मावशी?"

"लर्निंगचं हाय. आवं, ती पाटी द्या की."

नाना खाली उतरले. मग वाकून त्यांनी सीटखालच्या चटईमागून लाल 'एल' अक्षराची, चुंबकाची पाटी काढली. दोन पाट्या. एक पुढे लावली, एक मागे, आणि गुपचूप मागच्या सीटवर जाऊन बसले.

मावशींनी सीट पुढे ओढली, पाठीला उशी घेतली. स्टिअरिंग दोन्ही हातांनी असं धरलं, जणू सोडलं तर ते उडून जाईल. श्वास घेतला, क्लच सोडला आणि गाडी निघाली. शिकाऊ माणूस असतो ना, त्याला स्टिअरिंग हलवायचीच भीती वाटते. मावशींच्या नजरेसमोर मसणवट्याची पत्र्याची शेड होती आणि त्या तिच्याकडे निश्चयाने निघाल्या होत्या. आकडा शून्य. शून्य. शून्य. मग हिरवी टिकली आली आणि मीटरमधला पिवळा दिवा गेला.

"झालं, मावशी. थांबवा आता."

"थांबवते की," असं म्हणून त्यांनी गाडी बंद पाडली. ब्रेक आणि क्लच यांचं अजून जमायचं होतं.

मागून नाना हळूच म्हणाले, "मोरीला बी पायाचाच घोळ झाला व्हता."

मग सगळं बाहेर आलं. पावसाळ्यात नाना तापाने फणफणले होते. एसटी निघून गेलेली, शेजारचा जीपवाला लग्नाला. गाडी दारात उभी आणि चालवणारा अंथरुणात. "तवा म्हनलं, आता शिकायचंच," मावशी म्हणाल्या. "ह्ये मला शिकवतील आसं वाटलं न्हवतं. पर शिकिवलं." मोरीवर ब्रेकऐवजी ॲक्सलेटर दाबला गेला. पोराला कळलं तर तो गाडी नेईल आणि आईला कायमची बंदी घालील, म्हणून नानांनी स्वतःच्या अंगावर घेतलं. नोकरीभर एकही अपघात नसलेल्या माणसानं.

"मंग आता माझ्यापायी गाडी न्यायला निगालाय," नाना म्हणाले. "ऱ्हाऊ दे. तिचं नाव घिऊ नको, ताई."

मी काय करायचं हे ठरवायच्या आतच संदीपचा फोन आला. स्पीकर चालू होता, गाडीत सगळ्यांना ऐकू जात होतं.

"झालं का, मॅडम? गाडी की बाबा?"

"गाडी. टाय रॉड बदलल्यावर सेन्सरचं शून्य सरकलं होतं. वळणावर खरंच आपोआप ब्रेक लागत होता, मी स्वतः पाहिलं. तुमच्या बाबांचा पाय ब्रेकवर नव्हता."

"ओके. पण मोरीला तर त्यांनीच..."

नाना मागून जोरजोरात हात हलवत होते. मी स्कॅनरची वायर काढायला घेतली. ते माझ्या रिपोर्टचं काम नव्हतं.

"संदीप," मावशी म्हणाल्या, "मोरीला मी घातली."

"तू? म्हणजे? तू गाडीत होतीस?"

"व्हय. स्टेरिंगवर."

मग संदीप म्हणाला, "बाबा, तुम्ही आईला शिकवताय? मला शिकवताना तर रोज ओरडायचात!"

"तू ऐकत न्हवतास," नाना म्हणाले.

"आणि ही ऐकते?"

"न्हाई. पर हिच्यावर वरडायची माझी टाप न्हाई."

संदीप हसला. बराच वेळ हसला. मग मावशींनी पावसाळ्यातल्या तापाचं आणि दारात नुसत्या उभ्या गाडीचं सांगितलं, तसा त्याचा आवाज जरा बदलला. "आई, ताप आला तेव्हा फोन का नाही केलास?"

"केल्याला. तू मिटिंगमधी व्हतास, बाळा," मावशी म्हणाल्या. आवाजात तक्रार नव्हती. त्यामुळे ते जास्त लागलं असावं.

रविवारी संदीप आला, पण गाडी न्यायला नाही. आईला घेऊन तोच त्या सिमेंटच्या रस्त्यावर चकरा मारत होता, असं गिरणीवाल्यानं मला सांगितलं. पुढे मावशींना पक्कं लायसन मिळालं. नाना शेजारी बसतात आणि नसलेला ब्रेक दाबत राहतात.

तुमच्यासाठी कामाचं तेवढं सांगते. टाय रॉड बदलला, अलाइनमेंट केली किंवा स्टिअरिंग काढून बसवलं, तर सेन्सरचं शून्य तपासून घ्या. दिवा नुसता घालवून घेऊ नका. आणि माझ्यापुरतं मी एक शिकले. गाडी घरात कोण कोण चालवतं, हे आता मी आधीच विचारते. फक्त घरातल्या प्रत्येकाला वेगवेगळं गाठून.