नुसती नावं

गेल्या रविवारी संध्याकाळी कोल्हापुरातल्या एका फिल्म सोसायटीत इटालियन चित्रपट संपला आणि श्रेयनामावली सुरू होताच दिवे लावून प्रोजेक्टर बंद करण्यात आला. चित्रपटाच्या इटालियन लेखिका-निर्मात्या बाई पहिल्या रांगेत बसल्या होत्या. त्या उठल्या नाहीत.

“मॅडम, चला, सत्काराला उशीर होतोय,” सोसायटीचे सचिव म्हणाले.

“अजून संपला नाही,” त्यांनी दुभाषी मुलीकरवी सांगितले.

“संपला की! आता नुसती नावं.”

“शेवटचं नाव आमच्या कॅमेरामनचं आहे. चित्रपट पुरा व्हायच्या आधीच तो गेला. मी दर वेळी त्याच्या नावापर्यंत थांबते.”

“असू दे, असू दे. पाहुणे खोळंबलेत.”

या बाईंनी आयुष्यभर मोठी थिएटरे हात लावत नाहीत असे चित्रपट लिहिले आणि पदरमोड करून काढले. अशा चित्रपटात राबणाऱ्यांच्या वाट्याला शेवटी नावाची एक ओळ येते. तेवढीही आपल्याला जड होते. आपल्याला नावांचा कंटाळा आहे म्हणावे, तर तसेही नाही. निमंत्रणपत्रिका हातात पडली की आपले नाव कितव्या ओळीत आहे, हे आपण कार्यक्रमाची तारीख बघण्याआधी पाहतो. ते खाली गेले असेल तर रुसतो, कार्यक्रमाला जात नाही. कुणा परक्या, गेलेल्या माणसाला मात्र क्षणभर अंधार देववत नाही.

बाईंना शाल आणि श्रीफळ देण्यात आले. आभारप्रदर्शनात हारवाल्यापासून ध्वनिक्षेपकवाल्यापर्यंत सर्वांची नावे घेतली गेली. प्रोजेक्टर पुन्हा सुरू झाला नाही.