क्रोशव्हिकचे सहा मर्डो

क्रोशव्हिक गावाला चाळीस उंबरे, आणि त्यातल्या सहा घरांत एकेक मर्डो मॉरिसन. आजोबांचं नाव नातवाला ठेवायचं, आणि आडनाव तर निम्म्या गावाचं एकच, मग दुसरं काय होणार? एक मर्डो शाळेत मास्तर, एक चर्चमध्ये स्तोत्राला सूर धरणारा, एक मागावर लोकरीचं कापड विणणारा, एक गावची बस चालवणारा. पाचवा दर हिवाळ्यात देवमाशांच्या शिकारीला पार दक्षिणेच्या समुद्रात जाई. सहावा अजून पाळण्यात होता.

गावाचं यात कधी अडलं नाही. मास्तर तो खडू, विणकर तो धोटा, बसवाला तो भोंगा. तोंडावरही हीच नावं चालत आणि कुणाला राग येत नसे. कागदावर मात्र सगळे मर्डो मॉरिसन, आणि कागद वाटायचं काम कर्स्टीचं. तीही मॉरिसनच.

कर्स्टीचे वडील टपालवाले होते. युद्धात ते नौदलात गेले आणि त्यांची पिशवी एकोणीस वर्षांच्या कर्स्टीच्या खांद्यावर आली. वडील परत आले नाहीत, पिशवी खांद्यावरच राहिली. त्याला आता सतरा वर्षं झाली होती. घरांचे नंबर कुणी लिहीत नसे, तरी तिचं पत्र चुकत नसे. ऑस्ट्रेलियाचं तिकीट असलं की ते खडूचं, त्याची बहीण तिकडे. गिरणीचा शिक्का असला की धोट्याचं. बियाण्यांची जाहिरात आली की सूरवाल्याची. लोक म्हणत, कर्स्टी पाकिटाचा वास घेऊन घर सांगते. तिलाही ते ऐकायला आवडे.

अठ्ठावन्न सालच्या वसंतात क्ष-किरणांची गाडी बेटावर आली. क्षयाचं नाव घ्यायलाही माणसं कचरत. ज्या घरात क्षय, त्या घरची मुलगी कुणी करून घेत नसे. आता औषध निघालंय, भिऊ नका, असं डॉक्टर सांगत होते, म्हणून गावातली सगळी मोठी माणसं रांगेत उभी राहून छातीचे फोटो काढून आली. ज्याच्या फुप्फुसावर डाग दिसेल त्यालाच तपकिरी पाकीट येणार होतं.

एप्रिलच्या एका सोमवारी क्रोशव्हिकला एकच तपकिरी पाकीट आलं. वर फक्त 'श्री. मर्डो मॉरिसन, क्रोशव्हिक'.

कर्स्टी सायकल धरून टपाल कचेरीच्या भिंतीला टेकली. दक्षिणेचा शिकारी अजून घरी आला नव्हता. मास्तर नि सूरवाला धडधाकट. भोंगा तर घोड्यासारखा, सकाळपासून गाणी म्हणत बस हाकणारा. राहिला धोटा. लोकरीच्या धुळीत बसून त्याचा खोकला वर्षानुवर्षं चालूच होता. ती सरळ त्याच्या मागापाशी गेली आणि पाकीट त्याच्या हातात दिलं. विचारलं काहीच नाही.

धोट्याने पत्र वाचलं, घडी केली आणि खिशात ठेवलं. "पुढच्या आठवड्यात बुधवारी बोलावलंय," तो म्हणाला. "आईचं काय करू, कर्स्टी?"

त्याची आई बेला शहात्तर वर्षांची. दोघंच घरात. शेजारच्या घरात त्याचा सख्खा थोरला भाऊ अ‍ॅलस्टर राहत होता, पण वडिलांची होडी विकण्यावरून दोघांत बिनसलं होतं आणि अकरा वर्षं दोघं एकमेकांशी बोलले नव्हते.

त्या संध्याकाळी अ‍ॅलस्टर मागाच्या खोलीशी आला, आत न येता दारातच उभा राहिला.

"आईला मी नेतो," तो म्हणाला.

"ती यायची नाही."

"यायची नाही तर उचलून नेतो. तुझं जेवण बायको भिंतीवर ठेवील. भांडी उकळून घे."

"होडीचं..." धोटा बोलू लागला.

"होडी कुजली असती एव्हाना. गप्प बस आणि खोकू नकोस."

बेला दोन दिवस रडली, तिसऱ्या दिवशी थोरल्याच्या चुलीपुढची खुर्ची तिने आपली केली.

ठरल्या बुधवारी धोटा बसमध्ये चढला. बातमी गावभर झालीच होती. तो मागच्या बाकावर बसला, तशी आसपासची माणसं उठून पुढे जाऊन दाटली. भोंग्याने आरशातून पाहिलं. "सगळे एका बाजूला बसाल तर गाडी कलंडेल," तो ओरडला. "मागे जा. मर्डो आहे तो, गावावर आलेली साथ नाही." त्याने धोट्याकडून भाडंही घेतलं नाही.

बेटावरच्या मोठ्या गावी, स्टॉर्नोवेला, डॉक्टरांनी धोट्याचा फोटो पुन्हा काढला, बराच वेळ पाहिला, मग वही मागवली. "तुझा जन्म कोणत्या सालचा?" त्यांनी विचारलं. धोटा म्हणाला, चौदा सालचा. वहीत एकोणीस साल होतं. त्याची फुप्फुसं स्वच्छ होती. ते पत्र गावातल्या दुसऱ्या मर्डोचं होतं.

एकोणीस सालचा मर्डो बाहेर बस घेऊन त्याची वाट पाहत होता. परतीच्या सगळ्या वाटेवर धोटा गप्प बसला. भरल्या बसमध्ये ही गोष्ट कशी सांगायची? उतरून तो तडक कर्स्टीकडे गेला.

"डॉक्टर त्याला नवं पत्र पाठवताहेत," तो म्हणाला.

"पत्र येईपर्यंत तो तीन दिवस बस हाकेल," कर्स्टी म्हणाली आणि तशीच निघाली.

भोंगा शेडपाशी बस धूत होता. ती समोर उभी राहिली.

"मर्डो, ते तपकिरी पाकीट तुझं होतं. मी चुकीच्या घरी दिलं. नऊ दिवस झाले."

तो आरसा पुसतच राहिला. मग बसच्या पायरीवर बसला. "शाळेची पोरं मी नेतो, कर्स्टी. रोज."

"माहीत आहे."

"फेब्रुवारीपासून रक्त पडत होतं. शोनालासुद्धा बोललो नाही. पाकीट आलं नाही तेव्हा वाटलं, देवानं ऐकलं. घरात नाचलो मी. पोरीला खांद्यावर घेऊन नाचलो."

"मी आधी विचारायला हवं होतं."

"मला विचारलं असतंस तर मी नाहीच म्हटलं असतं." त्याने फडका पिळला. "पण विचारायचंस."

आवाज ऐकून त्याची बायको शोना बाहेर आली. तिने सगळं ऐकून घेतलं. "नऊ दिवस माझी मैरी याच्या मांडीवर बसून जेवली," ती कर्स्टीला म्हणाली, शांतपणे, आणि नवऱ्याला आत घेऊन तिने दार लावलं.

मग बसमधल्या सगळ्या मुलांचेही फोटो निघाले. सगळी निरोगी, एकटी सहा वर्षांची मैरी सोडून. बापलेक दोघांनाही समुद्रापलीकडच्या क्षयाच्या रुग्णालयात न्यावं लागलं. डॉक्टरांनी स्वतः गावात येऊन सांगितलं की मुलीला लागण होऊन कितीतरी महिने झाले आहेत, नऊ दिवसांचा यात काही संबंध नाही. कर्स्टीने ते ऐकलं, शोनाने ऐकलं. दोघींपैकी कुणालाही त्याने झोप लागली नाही.

कर्स्टीने राजीनामा लिहून पोस्टमास्तरांपुढे ठेवला. त्यांनी तो वाचून परत दिला. "तू एकदा चुकलीस," ते म्हणाले. "तुझ्या जागी येणारा रोज चुकेल. घरांचे नंबर लिहायला लाव लोकांना."

ती दारोदार फिरली. प्रत्येक मर्डोचं, प्रत्येक कर्स्टीचं जन्मसाल आणि घराचा नंबर तिने वहीत उतरवून घेतला आणि ज्याला त्याला बजावलं की नातलगांना नंबर कळवा. लोकांनी माना डोलावल्या, निम्म्यांनी काहीच कळवलं नाही. मात्र त्या दिवसापासून संशयाचं पाकीट असलं की कर्स्टी दारात सायकल थांबवी आणि म्हणे, "आधी सांग, याची वाट पाहत होतास का?" काही जण वैतागत.

धोट्याने आईला परत आणायचा प्रयत्न केला. बेला म्हणाली, "तुझ्या घरात खटखट फार. इथली चूल चांगली पेटते." ती थोरल्याकडेच राहिली, आणि धोटा रोज दुपारी तिथे जेवायला जाऊ लागला. भाऊ भांडत, पण आता तोंडाने.

भोंग्याची पत्रं दर गुरुवारी येत. ती शोनाला नेऊन द्यायची कोणी? कर्स्टीनेच. शोना कुंपणाशी येई, हात पुढे करी, पत्र घेई आणि वळे. एक शब्द नाही. कर्स्टीला वाटे, निदान शिव्या तरी द्याव्यात. पहिल्या हिवाळ्यात एकदा वादळाने बोट आली नाही, तर कर्स्टी रिकाम्या हाताने सांगायला गेली की पत्र बोटीत अडकलंय, दुसरं काही नाही. शोनाने मान हलवली, तेवढंच.

भोंगा अकरा महिन्यांनी घरी आला. अर्धा झाला होता, एक खांदा उतरला होता. कर्स्टी दिसली की तो हाक मारी. पण मैरी अजून तिकडेच होती, आणि शोनाचं मौन तसंच होतं.

जूनमध्ये रुग्णालयाच्या शिक्क्याचं एक पाकीट आलं. भोंगा जळणासाठी पीटची माती खणायला माळावर गेला होता. शोना दारात हेरिंग मासे साफ करत होती, कोपरापर्यंत खवल्यांनी भरलेली. तिने पाकिटाकडे पाहिलं, हातांकडे पाहिलं.

"फोड," ती म्हणाली.

"मी?"

"तूच वाच. माझ्याने व्हायचं नाही."

कर्स्टीने अठरा वर्षांत दुसऱ्याचं पत्र फोडलं नव्हतं. तिने फोडलं, एकदा मनात वाचलं, मग मोठ्यांदा वाचलं. मैरीची थुंकी तीनदा तपासली होती आणि तिन्ही वेळा स्वच्छ निघाली होती. महिनाअखेरीला तिला घेऊन जावं.

शोना पाटावर तशीच बसून राहिली. "पुन्हा वाच," ती म्हणाली. कर्स्टीने पुन्हा वाचलं.

"मी अजून विसरले नाही," शोना म्हणाली.

"विसरू नकोस."

"बरं." तिने हात धुतले. "आत ये. उभ्याने चहा पिणारी माणसं मला आवडत नाहीत."

कर्स्टीने सायकल भिंतीला लावली आणि आत गेली. त्या दिवशी पुढच्या अकरा घरांना टपाल तासभर उशिरा मिळालं. उशीर का झाला, ते तिने कुणालाच सांगितलं नाही.